पाटावरची वाळू

मारणं मला कधी जड गेलं नाही. माझं माहेर मालवणचं. बाजारातून कुर्ल्या जिवंत यायच्या, आणि त्यांच्या नांग्या मोडायचं काम घरात ज्याच्या नाकावर राग त्याच्याकडे असायचं, म्हणजे माझ्याकडे. आई म्हणायची, हिला सांभाळायला देवमाणूसच लागेल. तसा मिळाला. पुण्याचा, पक्का शाकाहारी, बाथटबमध्ये कोळी दिसला तर ग्लास आणि पोस्टकार्ड घेऊन त्याला सन्मानाने खिडकीबाहेर पोचवणारा. लग्नात माझ्या मावशीने त्याच्याकडे बघून कपाळाला हात लावला होता.

इंग्लंडमधल्या बेसिंगस्टोकला आलो ते दोघांच्याही आयटीतल्या नोकऱ्यांमुळे. घर भाड्याचं, गावाच्या कडेला. बाग संपली की लाकडी कुंपण आणि कुंपणापलीकडे ओढा. गुडघाभर स्वच्छ पाणी, तळाला पांढरट खडी, कडेला हिरवीगार रानभाजी माजलेली. बरेच महिने मी त्याच्याकडे नुसतं भांडी घासताना खिडकीतून बघायचे. मग एका शनिवारी शेजारचा म्हातारा त्यात गुडघे टेकून बसलेला दिसला. एकेक दगड उचलायचा, खाली वाकून बघायचा आणि होता तस्साच परत ठेवायचा. मी कुंपणावरून विचारलं, काही हरवलंय का? त्याने तळहात पुढे केला.

हातावर बोटभर लांबीचा, शेवाळी रंगाचा जीव होता, दोन नांग्या उगारून माझ्यावरच धावून यायच्या तयारीत. क्रेफिश. मराठीत याला शब्द नाही. आमच्या समुद्रातली शेवंड, म्हणजे लॉब्स्टर, गोड्या पाण्यात राहायला आली आणि थंडीने आकसली असं समजा. म्हाताऱ्याने तो उलटा करून नांग्यांचा खालचा रंग दाखवला. पांढरा. हे इथले मूळचे, तो म्हणाला, या भागात आता एवढ्या ओढ्यातच राहिलेत.

हा म्हातारा निवृत्त दंतवैद्य. दाताच्या मागे बघायचा तो छोटा आरसा अजून त्याच्या खिशात असायचा, आणि दगड न हलवता त्याखाली कोण बसलंय ते तो त्या आरशात बघायचा. बायको मुलीकडे कॉव्हेंट्रीला नातवंडं सांभाळायला गेली तरी हा ओढा सोडून जाईना. त्याच्याकडूनच मला सगळं कळलं. सडलेला पाला, मेलेले मासे, शेवाळ, गोगलगायी, सगळं हे खातात आणि पाणी चालतं ठेवतात. आणि यांना खाऊन पाणमांजर, बगळा, ट्राउट मासे जगतात. ओढ्याचा झाडूवालाही हाच आणि धान्याचं कोठारही हेच. हे गेले की ओढा दिसतो तसाच, पण त्याच्यातला जीव जातो.

आणि त्यांना घालवणारे आमच्यापासून गाडीने दहा मिनिटांवरच्या मोठ्या नदीत खच्चून भरलेले होते. सिग्नल क्रेफिश. अमेरिकेतले, आकाराने दुप्पट, नांग्यांखाली लालभडक. हॉटेलांना विकायला कधीतरी माणसांनीच आणले, तळ्यांत पाळले, आणि ते तळ्यांतून चालत निघाले. काठ पोखरतात, माशांची अंडी खातात, एकमेकांनाही सोडत नाहीत. वर एक रोग बाळगतात. स्वतःला त्याचं फारसं काही होत नाही, पण इथल्या पांढऱ्या नांगीवाल्यांना तो लागला की अख्खा ओढा साफ होतो, एकही उरत नाही. इथले लोक त्याला सरळ प्लेगच म्हणतात. त्यासाठी सिग्नल स्वतः यायलाही लागत नाही. त्याच्या पाण्यातून आलेला एक ओला बूट पुरतो.

म्हाताऱ्याच्या, ओढे-नद्या जपणाऱ्या गटाकडे नदीत ट्रॅप, म्हणजे जाळीचे सापळे, लावायचा परवाना होता. दर शनिवारी सकाळी ट्रॅप वर काढायचे. नियम साधा होता: सिग्नल एकदा पाण्याबाहेर आला की परत सोडायचा नाही, कायद्यानेच मनाई आहे. म्हणजे मारायचा. गटातले बाकीचे लोक चांगल्या घरचे, हळू आवाजात बोलणारे. पहिल्या दिवशी हातोडा उचलायची वेळ आली तेव्हा सगळे आपापल्या बुटांकडे बघायला लागले. मी म्हटलं, आणा इकडे.

ट्रॅप उघडला की आत आधीच मारामारी होऊन गेलेली असायची. कोणाची नांगी उपटलेली, कोणाचं अर्धं अंग सोबत्यांनीच खाल्लेलं. मी एकेकाला पाठीमागून धरायचे, सपाट दगडावर ठेवायचे आणि डोक्यावर लाकडी हातोडा घालायचे. एकच घाव, नेमका. कवच फुटल्याचा आवाज अजून कानात आहे. कधी नांगी माझ्या ग्लोव्हजमधून आरपार जायची, रक्त यायचं, मी दोन अस्सल मालवणी शिव्या घालायचे आणि पुढचा उचलायचे. आठवडाभर ईमेलच्या शेवटी ‘काइंड रिगार्ड्स’ लिहून तुंबलेला राग असा शनिवारी बाहेर पडायचा. खोटं कशाला बोलू, मला मजा यायची. दुपारपर्यंत दगड लाल-तपकिरी चिकट झालेला असायचा आणि बादली भरलेली.

नवरा गाडी चालवायला आणि थर्मास धरायला यायचा. मी हातोडा उचलला की नदीकडे पाठ करून उभा राहायचा. एकदा घरी जाताना त्याने विचारलं, यांचा काय गुन्हा, यांना इथे आणलं कोणी? मी म्हटलं, तुझी भूतदया तुझ्याजवळ ठेव, ते ओढ्यात शिरले तर काय होईल ते माहीत आहे ना. त्याला माहीत होतं. मी रोज जेवताना तेच तर ऐकवत होते. नदीतलं ओलं काहीही ओढ्याजवळ आणायचं नाही. बूट, जाळी, दोऱ्या, सगळ्यावर औषध फवारायचं, आणि कडकडीत वाळल्याशिवाय हात लावायचा नाही. त्याने दाराजवळ फवाऱ्याची बाटली टांगून ठेवली होती, आणि माझ्यापेक्षा तोच ती जास्त वापरायचा.

ट्रॅप लावून सिग्नल संपत नाहीत, हे म्हातारा पहिल्यापासून सांगत होता. मोठे नर सापडतात, पिल्लं जाळीतून निसटतात आणि मोकळ्या जागेत वाढतात. त्या उन्हाळ्यात ते ओढा नदीला मिळतो तिथपर्यंत, म्हणजे आमच्या दाराशी पोचले. आता एकच उपाय होता. डोंगराकडच्या जुन्या खाणीत एक तळं साचलं होतं, कुठल्याच ओढ्याला न जोडलेलं. ओढ्यातले जमतील तितके पांढरे उचलायचे आणि तिथे नेऊन सोडायचे. खालून कितीही सिग्नल आले तरी वंश तरी राहील. लांबच्या भागांतल्या आणखी दोन ओढ्यांतलेही पुढच्या वर्षी तिथेच यायचे होते. परवानग्या मिळेपर्यंत म्हातारा कौन्सिलपासून कुणाकुणाचे उंबरे झिजवत राहिला. शेवटी सप्टेंबरातला एक शनिवार ठरला.

त्याच्या आधीच्या रविवारी आमच्या मराठी मंडळाचं गणपती विसर्जन होतं. इथे बाप्पासुद्धा वीकेंड बघून जातो. शाडूची मूर्ती, नदीचा काठ, मोजकी कुटुंबं, आणि शेजाऱ्यांना त्रास नको म्हणून दबक्या आवाजातल्या आरत्या. नदी तीच, आमची, सिग्नलवाली. मी गेले नाही. मला ओढ्यातल्या कामाची तयारी करायची होती. नवऱ्याला मात्र दहा वेळा बजावलं की येताना चपला फवार. त्याने फवारल्या, उन्हात वाळवल्या, मला आणून दाखवल्या. मी खूश झाले.

मग सोमवारपासून रोज संध्याकाळी मी आणि म्हातारा ओढ्यात. तो आरसा घालून सांगायचा, मी हात घालून काढायचे. पोटाखाली अंडी चिकटवायचा यांचा मोसम जवळ आला होता, म्हणून माद्यांना तो दोन्ही हातांच्या ओंजळीत धरायचा. त्याच्या गॅरेजमध्ये ओढ्याच्याच पाण्याचे टब भरून ठेवले होते, आत कौलांचे तुकडे लपायला, आणि हवेचे पंप बुडबुडत होते. गुरुवारपर्यंत टब भरले. म्हातारा गॅरेजमध्ये खुर्ची टाकून नुसता बसून राहायचा. म्हणाला, इतकी वर्षं यांचं मरण कधी येतंय याची वाट बघण्यात गेली, हे पहिल्यांदाच काहीतरी वेगळं होतंय. मी उगाचच पंप ठीकठाक करायला लागले.

शुक्रवारी मी घरून काम करत होते. दुपारी टबात घालायला ताजं पाणी आणावं म्हणून बादली घेऊन ओढ्यावर गेले. कुंपणाच्या फटीतून उतरले आणि रानभाजीच्या मुळाशी अडकलेली झेंडूची पाकळी दिसली. तिच्याखाली दोन-चार लाल अक्षता. आणि त्याखाली, आमच्या पांढऱ्या खडीवर, बारीक करड्या वाळूची एक मूठ, अजून पुरती वाहून न गेलेली.

माझ्या हातातली बादली पडली. ती वाळू मी ओळखते. दर शनिवारी माझ्या बुटांच्या खाचांतून मी तीच उकरून काढते.

आपल्याकडे गणपती बुडवून रिकाम्या पाटाने घरी यायचं नसतं. नदीतली वाळू पाटावर घालून आणायची, घरात पाट ठेवून पुन्हा आरती करायची, मग ती वाळू घरभर टाकायची, म्हणजे भरभराट होते. जन्मभर बघत आलेय मी हे. आणि तरी चपला, मोजे, गाडीतल्या चटया, सगळं आठवलं, पाट नाही आठवला. देवाच्या पाटावर औषध फवारायचं कोणाच्या डोक्यात येतं?

मी तशीच चिखलाच्या पायांनी घरात शिरले. नवरा वरच्या खोलीत मीटिंगमध्ये होता. मी लॅपटॉप मिटला, समोरचे लोक बोलत असताना. आणि विचारलं, वाळू ओढ्यात टाकलीस? तो हो म्हणाला, इतक्या सहज की माझ्या अंगाचा भडका उडाला. मी काय काय बोलले ते लिहिण्यासारखं नाही. त्याच्या अकलेपासून सुरू करून त्याच्या सात पिढ्यांपर्यंत गेले. टेबलावरचा मग भिंतीवर आपटला, तो फुटून त्याच्या कपाळाला तुकडा लागला. त्याने रक्त पुसलंसुद्धा नाही. उभाच राहिला. मग म्हणाला,

“घरात टाकली असती तर कार्पेट खराब झालं म्हणून तू ओरडली असतीस. म्हणून सोमवारी सकाळी वाहत्या पाण्यात सोडली. पाटही तिथेच धुतला.”

आणि मी ओरडलेच असते. घर भाड्याचं, कार्पेट पांढरट, डिपॉझिट अडकलेलं. मी किती ओरडले असते ते आम्हा दोघांनाही नीट माहीत होतं.

सांगायचं की नाही, हा प्रश्न पाच मिनिटंही राहिला नाही. त्या वाळूतून रोग आला असेल तर तो आता ओढ्यात होता, आणि सोमवारपासून काढलेल्या प्रत्येक क्रेफिशवर आणि टबातल्या प्रत्येक थेंबात असू शकत होता. उद्या तो खाणीच्या तळ्यात गेला असता. नवरा माझ्या आधी निघाला, कपाळ तसंच रक्ताळलेलं, काखेत पाट. मी मागे. गॅरेजमध्ये म्हातारा टबांवर झाकणं बसवत होता. नवऱ्याने सगळं सांगितलं, एक शब्द न लपवता, माझं नावही मध्ये न आणता. म्हाताऱ्याने दोनच गोष्टी विचारल्या: वाळू ओली होती का, आणि कोणत्या दिवशी टाकली. मग तो खुर्चीत बसला.

नवऱ्याने पाट पुढे केला, औषधाने धुवायला. सागवानी पाट, त्याने पुण्याहून कपडे कमी करून बॅगेत आणलेला. तो पाट बघितला आणि माझं डोकं फिरलं. भिंतीला टांगलेला माझाच हातोडा मी काढला, त्याच्या हातातून पाट हिसकावून जमिनीवर टाकला आणि घाव घालत सुटले. सागवान सहज फुटत नाही. मी घालतच राहिले, फळी उभी चिरेपर्यंत, पाय निखळेपर्यंत. टबांतलं पाणी हादरत होतं. नवरा अडवायला आला नाही. शेवटी म्हाताऱ्याने उठून माझं मनगट धरलं, हातोडा काढून घेतला आणि हळूच म्हणाला,

“यांना घाबरवू नकोस. यांना परत सोडायचंय.”

मी भांडले त्याच्याशी. म्हटलं, वाळूत काही नसेलही. थोडे तरी नेऊ, वेगळे ठेवू, वाट बघू. तो म्हणाला, नसेलही. पण असला तर ते तळं सगळ्यांसाठीच संपलं, पुढच्या वर्षी यायचे त्यांच्यासाठीसुद्धा. आणि वेगळे ठेवायला परवाना नाही, जागा नाही. मग तो नवऱ्याकडे वळून म्हणाला की तू सांगितलंस ते बरं केलंस. एवढंच. त्याचा आवाज मात्र एका दुपारीत म्हातारा झाला होता.

आम्ही टब उचलून ओढ्यात नेले. ज्या हाताने मी शेकडो सिग्नलांची डोकी फोडली, त्याच हाताने एकेक पांढरा उचलून पाण्यात ठेवला. ते उलटे सरकत दगडाखाली जायचे, शेपटी आधी, आणि तोंड बाहेर काढून बघत राहायचे, आपलं घर सापडल्यासारखे. एकीने माझं बोट धरलं ते सोडेना. चामडी फाटली, पाण्यात रक्ताची रेघ गेली. मी तिला झटकलं नाही. मारताना कधी रडले नव्हते, सोडताना रडले.

त्यानंतर घरात आम्ही कामापुरतं बोलत होतो. पाटाच्या फळ्या नवऱ्याने औषधात बुडवून वाळवल्या आणि शेडमध्ये ठेवल्या. म्हातारा रोज ओढ्यावर जायचा आणि रोज मान हलवून परत यायचा. काही नाही. मला वाटायला लागलं की वाचले. दिवाळीची चकली तळताना मी खिडकीतून बघितलं आणि ओढ्याच्या मधोमध, लख्ख उजेडात, एक पांढरा नांगीवाला चालत होता.

ते दिवसा बाहेर येत नाहीत. मी गॅस बंद करून धावले. तो पायांच्या टोकांवर उंच उभा राहून चालत होता, ताठ, अडखळत. शेपटी लुळी. मी हात पुढे केला तर पळाला नाही, नांगी उगारली नाही. दोन पावलं टाकून आडवा झाला.

दोनच दिवसांत सगळा ओढा उघड्यावर आला. जे आयुष्यभर दगडाखाली लपले ते दिवसाढवळ्या मधोमध येऊन मरत होते. कोणी स्वतःच्याच पोटाला नांग्यांनी ओरबाडत होते, पाय तुटून पडेपर्यंत. कोणी उताणे पडून तासन् तास पाय झाडत होते. माद्यांच्या पोटाखाली अंडी तशीच. बगळे येऊन जिवंतांचेच लचके तोडत होते. काठावर कुजका वास सुटला. म्हातारा एकदा येऊन काठावर उभा राहिला, आरसा खिशातून काढला, आणि वाकायची गरजच नाही हे लक्षात येऊन परत खिशात ठेवला. खाणीचं तळं मात्र स्वच्छ राहिलं. त्याने हे मला दोनदा सांगितलं. माझ्यासाठी की स्वतःसाठी, कळलं नाही.

रविवारी मी मेलेले उचलायला उतरले. कंबरेला हातोडा लावला होता, सवयीने. मागे पाण्याचा आवाज आला म्हणून वळले तर नवरा. अंगात पाण्यात उतरायचे माझे जुने रबरी वेडर्स, त्याला आखूड झालेले, हातात बादली. ओढ्यात तो पहिल्यांदाच उतरत होता. आम्ही एकेक उचलत वर चाललो.

एक मादी उताणी पडली होती. पाय हवेत चालूच होते, एका लयीत, कुठेही न पोचता. मी वाकले. ही कालपासून अशीच आहे हे मला दिसत होतं, कारण काल मीच तिच्यावरून डोळे चुकवून गेले होते. सिग्नल असती तर तिला एक क्षणही मिळाला नसता. हात कंबरेकडे गेला आणि तिथेच थांबला. माझ्याने होईना.

नवऱ्याने बादली खाली ठेवली आणि हात पुढे केला. मला आधी कळलंच नाही तो काय मागतोय.

“दे,” तो म्हणाला.

मी हातोडा दिला. त्याने तिला दोन्ही हातांनी उचललं, सपाट दगड शोधला, वर ठेवलं. मी कसं धरायचं ते सांगायला तोंड उघडलं, पण त्याला माहीत होतं. इतके शनिवार पाठ करून उभा असलेला हा माणूस प्रत्येक आवाज ऐकत होता. पहिला घाव हलका पडला, ती हलत राहिली, त्याच्या घशातून कसलातरी आवाज आला. दुसरा नेमका बसला. तिच्यातलं पाणी त्याच्या तोंडावर उडालं. त्याने ते पुसलं नाही, डोळेही मिटले नाहीत.

मी हात पुढे केला, पण त्याने हातोडा परत दिला नाही. वरच्या बाजूला आणखी एक पाय झाडत होता, तिकडे तो चालायला लागला. मी बादली उचलली आणि त्याच्या मागे गेले.